नऊ दिवसांची कुरकुर

ता. ९ जानेवारी

चि. बारक्यास,

अनेक आशीर्वाद. आम्ही उभयता खुशाल आहोत. तुझी खुशाली कळवत जा.

पत्र लिहिण्याचं कारण, गुरुवारी संध्याकाळी सात वाजता तुझ्या मालिकेचा पहिला भाग पाहण्यात आला. मुद्दाम पाहिला असं समजू नकोस. दुकानात टीव्ही चालू होता आणि मी त्याच्या समोर होतो. फोनवरही सांगता आलं असतं, पण फोनवर बोललेलं कशाला बांधून ठेवता येत नाही.

सहा वर्षं तू तिकडे दुसऱ्यांचे विनोद नीटनेटके करून दिलेस. आता स्वतःच्या नावाने मालिका लिहितोस, ती शिलाई मशीन दुरुस्त करणाऱ्या मिस्त्रीची, आणि विनोदी. मशीन दुरुस्तीत विनोदी काय असतं हे मला तीस वर्षांत आढळलेलं नाही. तू तीन वर्षं माझ्याशेजारी स्टुलावर बसलास, तुला आढळलं असेल.

भाग आवडला की नाही हा प्रश्न वेगळा. आधी एक शंका. मिस्त्रीचं दुकान आठ बाय दहाचं दाखवलं आहेस. त्यात दोन मशीनं, एक कपाट, मिस्त्री आणि एक गिऱ्हाईक. मग मिस्त्रीने तोंड उघडलं की जी तीसचाळीस माणसं हसत होती, ती बसली होती कुठे? मी उठून टीव्हीच्या मागेही पाहिलं. मागे वायर होती.

तुझ्या सांगण्याप्रमाणे मी समोरच्या शिंप्याला बजावून सांगितलं, की हा मिस्त्री काल्पनिक आहे, माझा त्याच्याशी संबंध नाही. त्याने विचारलं, की मग काल्पनिक माणसाचा चष्मा बॉबिनच्या दोऱ्याने गळ्यात का अडकवलाय, आणि तो डोळे मिटून मशीनला कान का लावतो. मी म्हटलं, सगळेच मिस्त्री असं करतात. पण उगाच कुणी बोट दाखवायला नको, म्हणून सध्या चष्मा खिशात ठेवतो. त्याने काम निम्म्यावर आलं आहे.

आपल्या दुकानातून एकही मशीन चिठ्ठी बांधल्याशिवाय बाहेर जात नाही, हे तू विसरला नसशील. मला हे काम कुणी शिकवलं नाही. दोष काय, कारण काय, उपाय काय, हे दर मशीनमागे लिहीत गेलो आणि शिकत गेलो. तुझ्या भागालाही चिठ्ठी बांधली आहे.

दोष: मिस्त्री मशीनवर तेल ओततो.
कारण: लिहिणाऱ्याने बुधली आठवली, हात आठवला नाही.
उपाय: एका छिद्रात एक थेंब. दुसरा थेंब गिऱ्हाइकाच्या कापडावर उतरतो.

तुझं स्टूल जागेवर आहे. कुणाला बसू देत नाही. टीव्हीच्या कामाचा काय भरवसा.

लोभ आहे, तो सैल पडू देऊ नये.

तुझा दादा

ता. क. भावजी, पत्र टपालात टाकायला माझ्याकडे दिलंय म्हणून चार ओळी. "टीव्ही चालू होता" म्हणे! घरातला टीव्ही दुकानात नेला कुणी? खोक्यावर ठेवलाय, तो इतका बुटका झालाय की मान वाकवून पाहावं लागतं. दुकान सहालाच बंद केलं, काच दोनदा पुसली, आणि जाहिरातींतही कुणाला बोलू दिलं नाही. हसले मात्र नाहीत. मी कळवलंय हे कळवू नका. — वहिनी


ता. १६ जानेवारी

ती. दादास,

सा. न. वि. वि. पत्र आणि चिठ्ठी पोचली. तेलाचं चुकलं. बुधली नटाच्या हातात होती आणि त्याला वाटलं, जितकं जास्त तितकं खरं.

त्या चाळीस जणांचा पत्ता देतो. ते एका डब्यात राहतात. आमच्याकडे एक अतिशय गंभीर गृहस्थ आहेत, त्यांना सगळे हशावाले म्हणतात. त्यांच्याकडे सात जातींचा हशा साठवलेला आहे. एक नंबर नाकातल्या नाकात, चार नंबर पोट धरून, सात नंबर खुर्चीवरून खाली. ती माणसं कधीकाळी भलत्याच कशाला तरी हसली होती, ते आता माझ्या वाक्यांना लावतात. सात नंबर अजून त्यांनी माझ्यावर खर्च केलेला नाही. मागितला, तर म्हणाले, की आधी तसं काही लिहा.

मी लिहायला बसतो ते निर्मात्याच्या गोदामात. निर्माता आधी पंखे बनवायचा, म्हणून तो पंखेवाला. अजून निम्मं गोदाम पंख्यांच्या पात्यांनी भरलेलं आहे. विनोद वाचून दाखवला की तो डोळे बारीक करून विचारतो, की हा किती वेगाने फिरेल. खरी भीती त्याची नाही, चॅनेलच्या मॅडमची. त्या प्रत्येक चित्रीकरणाला येऊन बसतात आणि हसत नाहीत. त्यांनी पेनाचं टोपण काढलं की आम्हाला धडकी भरते, लावलं की त्याहून जास्त. दहावा भाग दाखवून झाला, की मालिका पुढे चालवायची की गुंडाळायची हे त्या ठरवणार. गुंडाळली, तर स्वतःच्या नावावर पहिलीच मालिका बुडवलेल्या लेखकाला दुसरी कुणी देत नाही. तेव्हा स्टूल तूर्त राहू दे.

तू हसलास का, हे विचारत नाही. कळायला लागल्यापासून मी तुला हसवायला धडपडतोय. आजवर एकदाच जमलंय, आणि तेही माझ्यामुळे नाही. तासभर शोधलेली सुई तुझ्याच कॉलरला टोचलेली सापडली होती, तेव्हा. तेव्हाही तू ठसका लागला म्हणालास.

चष्मा गळ्यात घाल. जगात गळ्यात चष्मा घालणारे पुष्कळ आहेत. आणि टीव्ही जरा उंचावर ठेव, मान धरेल. म्हणजे, धरत असेल असा माझा आपला अंदाज.

वहिनींना नमस्कार. लोभ असावा, चिठ्ठ्याही असाव्यात.

तुझा
बारक्या


ता. २३ जानेवारी

चि. बारक्यास,

अनेक आशीर्वाद. हशावाल्यांविषयी वाचलं. जो माणूस सात प्रकार वेगवेगळे ठेवतो आणि मिसळू देत नाही, त्याच्याविषयी मला आदर आहे. त्याला तसं सांग.

परवाचा तिसरा भाग मात्र पाहवला नाही. म्हणजे शेवटपर्यंत पाहिला, पण पाहवला नाही. मिस्त्री मशीनचं चाक पलीकडे फिरवतो! तू पंचवीस वर्षांचा घोडा होऊन दुकानात आलास, तेव्हा पहिल्या दिवशी पहिली गोष्ट मी हीच सांगितली होती. शिंप्याने खिडकीतून मला हाक मारून विचारलं, की तुमच्या भावाला तुम्ही नक्की काय शिकवलं. यावर मी खिडकी लावून घेतली.

दोष: चाक पलीकडे फिरवतो, आणि तरी टीप पडते.
कारण: याला काम येत नाही, किंवा येत होतं ते विसरला.
उपाय: चाक आपल्याकडे फिरवावं. तेवढंही जमत नसेल तर घरी जाऊन झोपावं. झोपलेल्या माणसाने आजवर एकही मशीन बिघडवलेलं नाही.

तुला वाटेल दादा फार बोलतो. पण कारण माहीत नसताना उपाय लिहिणारा माणूस मला चालत नाही, मग तो मिस्त्री असो की लेखक. तीस वर्षांत माझ्या एकाच चिठ्ठीवर कारणाची जागा कोरी आहे. तुला आठवेल, तू गेलास त्या आधीचे नऊ दिवस. ते काळं पायमशीन नुसता पट्टा बदलायला आलं होतं आणि आपल्या दुकानात येऊन कुरकुरायला लागलं. तू स्टुलावर बसून पाय मारायचास, मी कान लावून ऐकायचो. शेवटच्या स्क्रूपर्यंत खोललं. एकेक भाग तुला दाखवला. नऊ दिवस कुरकुर. दहाव्या दिवशी सकाळी तू जातो म्हणून सांगितलंस आणि गेलास, आणि दुपारी मी स्वतः उभ्यानेच चालवून पाहिलं तर आवाज बंद. गिऱ्हाईक खूश होऊन घेऊन गेलं. मी चिठ्ठी दिली नाही. ती माझ्या खणात आहे. सहा वर्षं झाली, महिन्यातून एकदा काढून बघतो.

लोभ आहे. चाक आपल्याकडे.

तुझा दादा

ता. क. महिन्यातून एकदा नाही, दर रविवारी. आणि खिडकी लावून घेतल्यावर शिंप्याला भाग दिसेना, तर यांनी पाच मिनिटांनी परत उघडली. — वहिनी


ता. ३ फेब्रुवारी

ती. वहिनींस,

सा. न. वि. वि. हे पत्र मुद्दाम तुमच्या नावाने, शाळेच्या पत्त्यावर पाठवतोय. मुलांना शिकवता शिकवता माझ्यावर एक उपकार करा.

दादाची ती चाकाची चिठ्ठी. विसरायला नको म्हणून मी ती सहाव्या भागाच्या त्या पानाला बांधून ठेवली, जिथे मिस्त्रीचा मेहुणा मशीन चालवून बघतो. पानं झेरॉक्सला गेली. झेरॉक्सवाल्याने चिठ्ठी पानावर सपाट दाबून तिचीही प्रत काढली. आमचा मिस्त्री झालेला नट जुना नाटकवाला. हातात पडलेला कागद तो पाठ करतो, का ते विचारत नाही. मागे एकदा त्याने पानाचा आकडासुद्धा म्हणून दाखवला होता.

तर सोमवारी चित्रीकरणात मेहुण्याने चाक फिरवलं, आणि नटाने चष्मा काढला, दोष म्हणाला, कारण म्हणाला, आणि तितक्याच गंभीरपणे झोपलेल्या माणसाचा उपाय म्हणाला. मग कॅमेरा हलायला लागला, कारण कॅमेरावाला हलत होता. पंखेवाला भिंत धरून उभा. आणि वहिनी, मॅडम हसल्या! पेन दाताखाली धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. हशावाले तेवढे कोपऱ्यात उभे राहून विचारत होते, की मग आता आमचं काय काम.

मी खरं काय ते सांगितलं नाही. सगळ्यांनी पाठ थोपटली आणि मी थोपटू दिली. आता हुकूम सुटलाय, की दर भागात मिस्त्रीची एक चिठ्ठी हवी. दहाव्या भागानंतरचा निकाल त्यावरच लागणार असं दिसतंय. म्हणून मी नवव्या भागात मिस्त्रीला सुई उलटी बसवायला लावलीय. दोरा लांब खाचेच्या बाजूने ओवायचा हे मला झोपेतही कळतं, पण चुकलो नाही तर दादा लिहिणार कशाला?

सहावा भाग अकरा तारखेला आहे. त्या संध्याकाळी दादाला टीव्हीपासून दूर ठेवता येईल का? मी योग्य वेळ पाहून सांगणारच आहे.

तुमचा लाडका आणि घाबरलेला,
बारक्या


ता. १३ फेब्रुवारी

चि. भावजींस,

अ. आ. दूर ठेवायला ते काय मांजर आहे? तरी मी प्रयत्न केला. माझ्या बहिणीकडे जायचं काढलं. म्हणाले, तू जा. डोकं दुखतंय म्हटलं. म्हणाले, दुकानात येऊन पड, तिथे शांत आहे.

पाहिलं त्यांनी. नटाने चष्मा काढला तेव्हाच ते ताठ झाले. दोष झाला, कारण झालं, ओठ हलत होते त्याच्याबरोबर. उपाय झाला, आणि तुमच्या त्या डब्यातले लोक असे काही कोसळले की टीव्ही खोक्यावर थरथरला. तो सात नंबर असावा. पलीकडे शिंपी मांडीवर थापा मारत होता. यांनी उठून टीव्ही बंद केला. इतकंच म्हणाले, की माणसाने क्रम बरोबर घेतला. जेवताना मला विचारलं, की तीस वर्षं गिऱ्हाइकं चिठ्ठी घेऊन दुकानाबाहेर पडल्यावर अशीच हसत असतील का.

मी नाही म्हटलं. पण मी बायको, माझं कोण धरतं.

चिडले असते तर बरं झालं असतं. चिडले नाहीत, थांबले. तेव्हापासून एकाही मशीनला चिठ्ठी नाही. दुरुस्ती तीच, हात तोच, पण मशीन बिनचिठ्ठीचं बाहेर जातं. आमच्या शाळेचे गणवेश शिवणाऱ्या बाई काल मशीन घेऊन परत आल्या, की चिठ्ठी नाही म्हणजे दुरुस्त झालेलं नसणार. यांनी चालवून दाखवलं. त्या म्हणाल्या, की चालतंय ते दिसतंय, पण झालं काय होतं ते कळल्याशिवाय मी नेणार नाही. मशीन ठेवून गेल्या.

चष्मा परत खिशात गेलाय.

भावजी, तुमची चूक चिठ्ठी वापरल्याची नाही. ती आधी नटाने म्हटली आणि तुम्ही नंतर सांगणार होतात, ही आहे. काय ते सरळ त्यांना लिहा. मला मध्ये घालू नका, माझ्या जागेवर मी ता. क. पुरती बरी.

लोभ आहेच, तो आज जरा रागात आहे.

तुमची वहिनी


ता. २२ फेब्रुवारी

ती. दादास,

सा. न. वि. वि. तुझं पत्र नाही, ते मी समजून आहे. तरी हे वाच.

चिठ्ठी तुझी होती. नटाने ती चुकून म्हटली, पण मी गप्प बसलो ते चुकून नाही. मॅडम पहिल्यांदा हसल्या होत्या आणि मला वाटलं, हे आपण लिहिलंय असं कुणाला दोन दिवस वाटलं तर काय बिघडलं. परवा मी सगळ्यांसमोर सांगून टाकलं. पंखेवाला म्हणाला, की मग भावालाच बोलवा. मॅडमनी टोपण लावलं.

सातव्या आणि आठव्या भागाच्या चिठ्ठ्या मी लिहिल्या. नटाने आठव्याची तीन वेळा वाचली आणि मला बाजूला घेऊन म्हणाला, की ही पाठ होत नाही. मी विचारलं का. म्हणाला, की आधीची ज्याने लिहिली त्याला मशीन वाचवायचं होतं, तुम्हाला हसू हवंय. दादा, हा माणूस पानाचा आकडा पाठ म्हणणारा. त्याला हे कळलं आणि मला तीन वर्षं शेजारी बसून कळलं नाही. तुझी ती चिठ्ठी त्याने घरी नेऊन आरशाला लावलीय.

नवव्या भागात सुई उलटी आहे. ती मी मुद्दाम उलटी बसवली, तू रागावून लिहावंस म्हणून. मला काम येत नाही असं तुला वाटायला नको, म्हणून आधीच सांगतो. तसली चूक परत करणार नाही.

आता दहावा. त्यात तुझी चिठ्ठी नाही आणि माझी खोटीही नाही. हशावाल्यांना हात जोडून सांगितलं, की या भागात तुमचा डबा उघडायचा नाही. ते आधी दुखावले, मग पान वाचून स्वतःच म्हणाले, की इथे आम्ही मध्ये नको. मॅडमनी विचारलं, की डबा नाही तर लोकांना कळणार कसं कुठे हसायचं? मी म्हटलं, हसू आलंच नाही तर शुक्रवारी मी बॅग भरतो. माझं स्टूल एका ठिकाणी रिकामं ठेवलेलं आहे. त्यांनी ते लिहून घेतलं.

तुझ्या खणात कोरी चिठ्ठी आहे ना, कारणाची? तिचं उत्तर अकरा मार्चला संध्याकाळी सातला आहे. ते मी सहा वर्षांपूर्वी सांगायला हवं होतं. पत्रात लिहायला धीर होत नाही, म्हणून चित्रीकरणाची चाळीस माणसं कामाला लावून सांगतोय. तेवढा एक भाग पाहा. मग टीव्ही घरी नेलास तरी चालेल.

गणवेशवाल्या बाईंचं मशीन दिलंस का? कुणी सांगितलं ते विचारू नकोस.

लोभ मागायला तोंड नाही. तरी मागतो.

तुझा
बारक्या


ता. २० मार्च

चि. बारक्यास,

अनेक आशीर्वाद. तुझं दोन ओळींचं कार्ड मिळालं. मॅडमनी आणखी सव्वीस भाग सांगितले, हे वाचून तुझ्या वहिनीने शेजारपाजारी सांगितलं. मी कुणाला सांगितलं नाही. शिंप्याला आधीच कळलं होतं, कारण मी त्याला कार्ड वाचायला दिलं होतं.

आधी गणवेशवाल्या बाईंविषयी, म्हणजे क्रम चुकणार नाही. त्या सतरा दिवस मशीनविना राहिल्या, पण बिनचिठ्ठीचं न्यायला तयार झाल्या नाहीत. शेवटी मीच त्यांच्याकडे पोचवायला गेलो. तर त्यांनी मशीनच्या मेजाचा खण ओढून दाखवला. आत माझ्या अकरा चिठ्ठ्या, अकरा वर्षांच्या, दोऱ्यासकट. मी विचारलं, की या वाचून हसता का. त्या म्हणाल्या, की कधीकधी हसते, पण त्यात लिहिलंय तसंच करते. मी तिथेच बसून बारावी लिहून दिली. हसण्यावारी नेलेली वस्तू कुणी दोऱ्यासकट ठेवत नाही. माझा हिशेब तेवढ्यावर मिटला.

आता दहावा भाग. मिस्त्री नऊ दिवस मशीन खोलतो, धाकटा भाऊ स्टुलावर बसून पाय मारतो, आणि कॅमेरा हळूच खाली जाऊन स्टुलाचा पाय दाखवतो. सहा वर्षं! मी शटल बदललं, पाय मारायच्या पायट्याच्या खुंट्या बदलल्या, दोन रात्री नीट झोपलो नाही, आणि कुरकुरत होतं ते स्टूल! आणि तुला तिसऱ्या दिवशी, पाणी प्यायला उठलास तेव्हा, कळलं होतं.

तो धाकटा भाऊ का गप्प बसला, हे त्याने शेवटी सांगितलं. हे मशीन हातावेगळं झालं की जातो म्हणायचं, असं त्याने मनाशी ठरवलं होतं; कुरकुर सापडली असती, तर त्याच दिवशी सांगावं लागलं असतं. आणि मोठा भाऊ तर एकेक भाग हातात देऊन समजावत होता. हे ऐकलं. मी ते नऊ दिवस आजवर फुकट गेलेले धरत होतो. आता तसे धरत नाही. यावर जास्त लिहीत नाही.

भाऊ गेल्यावर मिस्त्री ते स्टूल उचलतो, ते कुरकुरतं. तो आधी दोन्ही बाजूंना बघतो कुणी ऐकलं का, मग बुधली घेऊन स्टुलाला तेलाचं छिद्र शोधत त्याच्याभोवती फिरतो. तीन फेऱ्या. एका छिद्रात एक थेंब हे मीच लिहिलं होतं, आणि स्टुलाला छिद्र नसतं. इथे मला जोराचा ठसका लागला. त्यामुळे पुढच्या चार ओळी ऐकू आल्या नाहीत. त्या लिहून पाठव. एक दुरुस्ती: कुरकुर पायटा खाली जाताना आणि वर येताना, दोन्ही वेळा होत असे. तुम्ही एकदाच ऐकवली. हशावाल्यांना सांग.

यापुढे चिठ्ठ्या पाठवत जाईन. नटाला बिनदिक्कत म्हणू दे, पण उपाय आधी आणि कारण नंतर असं कधी करू नये. आणि मुद्दाम चूक करायची नाही. न ठरवता तू पुरेशा करतोस.

खणातली चिठ्ठी पुरी केली, ती सोबत बांधली आहे. ती तुझ्याकडे राहू दे.

दोष: पायमशीन चालवताना कुरकुर.
कारण: स्टूल. आणि त्यावर बसलेला, जो बोलत नव्हता.
उपाय: स्टूल हलवलं आहे.

म्हणजे खरोखरच हलवलं आहे. पाय सैल होता, खुंटी मारली, सरस लावला, आणि त्यावर टीव्ही ठेवला. उंची बरोबर डोळ्यासमोर आली, मान दुखायची थांबली. टीव्ही पाय मारत नाही, त्यामुळे कुरकुर नाही. तेव्हा दुकानात तुला बसायला आता जागा उरलेली नाही, याची नोंद घ्यावी आणि तिकडेच नीट काम करावं. भेटायला आलास तर गिऱ्हाइकांच्या बाकावर बस.

लोभ आहे. खुंटी मारून पक्का केला आहे.

तुझा दादा

ता. क. भावजी, ठसका कसला? सात नंबर होता. डब्यातली माणसं नव्हती ना त्या दिवशी, त्यामुळे रस्ता ओलांडून ऐकू गेला. शिंपी कात्री हातात घेऊन धावत आला, काय झालं विचारायला. यांनी त्याला सांगितलं, की ठसका लागलाय, पाणी आण. त्याने पाणी आणलं आणि दारात उभा राहून विचारलं, की ठसका लागला तर मग थांबत का नाही. यावर यांचा तो ठसका परत सुरू झाला. चार ओळी दोघांच्याही बुडाल्या. दोन प्रती पाठवा. — वहिनी